रिपोर्टमधला सी४ आणि मानेतला सी४ एकच का?

नाही हो, नुसतं नाव सारखं आहे. रक्ताच्या रिपोर्टमध्ये सी४ कमी आलाय, मानेच्या एमआरआयवर सी४-सी५ लिहिलंय आणि नेटवर शोधलं तर भलतीच स्फोटकं निघाली, त्यात गोंधळ व्हायचाच, कारण ही नावं ठेवणाऱ्यांनी एकमेकांना काही विचारलेलं नाही.

रक्तातला सी म्हणजे कॉम्प्लिमेंट, प्रतिकारशक्तीच्या कामातली प्रथिनं. यातले आकडे साधारण शोध लागला त्या क्रमाने पडलेत, कामाच्या क्रमाने नाही, त्यामुळे साखळी चालते ती सी१, मग सी४, मग सी२, मग सी३ अशी, आणि पाठ करणारे विद्यार्थी वैतागतात ते उगाच नाही.

मानेतला सी म्हणजे सर्व्हायकल, मणके वरून खाली मोजायचे. पण तिथेही एक मेख आहे, मानेचे मणके ७ आणि नसांच्या जोड्या ८, कारण पहिली नस पहिल्या मणक्याच्या वरून निघते, म्हणजे सी४ आणि सी५ मणक्यांच्या मधून जी नस बाहेर पडते ती सी५. म्हणून मणक्याबद्दल लिहिलंय की नसेबद्दल ते आधी बघा.

बाकीचे पटकन सांगतो. स्फोटक म्हणजे कॉम्पोझिशन सी मालिकेतला चौथा प्रकार, त्यात मुख्य आरडीएक्स. मका, ऊस, ज्वारी यांना सी४ वनस्पती म्हणतात कारण प्रकाशसंश्लेषणात त्यांचा पहिला स्थिर पदार्थ ४ कार्बनचा असतो, गहू-तांदळाचा ३ चा म्हणून ते सी३. बुद्धिबळात तो पटावरचा एक चौकोन. संगीतात मधला सी, साधारण २६१.६ हर्ट्झ, पण यामाहा या वाद्यं बनवणाऱ्या कंपनीच्या पद्धतीत त्याच सुराला सी३ म्हणतात (हे तर एकाच धंद्यातलं!), मिडीमध्ये, म्हणजे वाद्यं आणि कॉम्प्युटर एकमेकांशी बोलतात त्या पद्धतीत, मात्र दोन्हीकडे नंबर ६०च.

तेव्हा शोधताना एकटा सी४ टाकू नका, कॉम्प्लिमेंट सी४ असं टाका. आणि रिपोर्टमध्ये सी३ किती आलाय तेही बघा, सी४ एकटाच कमी असेल तर डॉक्टर वेगळा विचार करतात, दोन्ही कमी असतील तर ल्यूपससारख्या गोष्टी (ज्यात प्रतिकारशक्ती स्वतःच्याच शरीरावर उलटते) तपासतात, त्यामुळे दोन्ही आकडे त्यांना दाखवा आणि मानेचं वेगळं विचारा.