स्नायू, पेशी आणि न्यूरॉन

प्रश्न असा आला आहे: ‘स्नायूंमधून मेंदूचे संदेश शरीरभर जातात’ असं वाचलं. स्नायू म्हणजे मसल ना? मग न्यूरॉनला मराठीत काय म्हणायचं, आणि सायनॅप्सला?

वाक्य चूकच आहे. हिंदीत ‘स्नायु’ म्हणजे नर्व्ह, आपला मज्जातंतू; मराठीत स्नायू म्हणजे मसल. हिंदी मजकुराचं मराठी करताना हा शब्द तसाच उचलला जातो आणि मज्जातंतूंचा आजार वाचणाऱ्याला स्नायूंचा वाटतो. आरोग्यविषयक मजकुरात तरी हे थांबायला हवं. न्यूरॉनला, म्हणजे संदेश वाहणाऱ्या पेशीला, सरळ ‘चेतापेशी’ म्हणा.

पण स्नायू या शब्दाची कुळकथा फार सुंदर आहे. सुश्रुतसंहितेतला स्नायू मसलही नाही आणि नर्व्हही नाही. तो शरीर आवळून धरणारा बंध आहे. फळ्या दोरांनी नीट बांधल्या की नाव पाण्यावर माणसांचा भार पेलते, तसं स्नायूंनी बांधलेलं शरीर भार पेलतं, असा दाखला तिथे दिला आहे. असे स्नायू 900. मसलला तिथला शब्द ‘पेशी’, त्या 500! मराठीने पेशी सेलला देऊन टाकली, आणि मला वाटतं, म्हणूनच मसलच्या रिकाम्या जागी स्नायू येऊन बसला.

आता ग्रीक ‘नेउरॉन’ पाहा. मूळ अर्थ कंडरा, शरीरातली दोरीच. संस्कृत ‘स्नावन्’ हा स्नायूचा भाऊबंद आणि नेउरॉन एकाच मुळातून आले. ग्रीकमध्ये आरंभीचा ‘स’ गळाला. 1891 साली जर्मन शरीररचनाशास्त्रज्ञ वाल्डायरने हे नाव चेतापेशीला दिलं. म्हणजे स्नायू आणि न्यूरॉन चुलतभाऊ!

‘मज्जा हाडात असते, सबब मज्जातंतू हा शब्द अशास्त्रीय’ म्हणणारे जाणकार मला मुळीच पटत नाहीत. तंतूभोवतीच्या ‘मायलिन’ आवरणाचं नावच ग्रीक ‘म्युएलॉस’वरून, म्हणजे मज्जेवरून पडलंय. ते इंग्रजीत चालतं, मग मराठीत का नाही? या आवरणात जागोजाग उघड्या फटी असतात आणि संदेश एका फटीवरून पुढच्या फटीवर उड्या घेत जातो, काही तंतूंत सेकंदाला 100 मीटरहून जास्त वेगाने. आवरण नसलेल्या तंतूत तो एक-दोन मीटरच सरकतो.

राहिला सायनॅप्स, म्हणजे एका चेतापेशीचा संदेश पुढच्या पेशीकडे जातो ती जागा. ब्रिटिश शरीरक्रियाशास्त्रज्ञ शेरिंग्टनने 1897 मध्ये रूढ केलेल्या या शब्दात घट्ट धरण्याचा अर्थ आहे, तरी ‘जोड’ म्हणू नका. बहुतेक ठिकाणी मध्ये सुमारे 20 नॅनोमीटरची फट असते. विद्युतसंदेश अलीकडच्या काठाशी थांबतो, कॅल्शियम आत शिरतं, बारीक पिशव्या रसायन फटीत सोडतात आणि ते पलीकडच्या ग्राहींना (रिसेप्टरना) चिकटतं. ‘संपर्कस्थान’ म्हणा.

मूठ वळताना चेतापेशीचं टोक स्नायूसमोर येऊन थांबतं आणि मधल्या फटीत ॲसिटिलकोलीन हे रसायन सांडतं. त्या फटीच्या अलीकडे न्यूरॉन आणि पलीकडे स्नायू, एकाच दोरीचे दोन पीळ.