स्क्रॅचचं डेस्कटॉप ॲप जुन्या पीसीवर कसं टाकायचं? आणि ब्लॉक कोडिंग म्हणजे नुसतं खेळणं आहे का?

तुम्ही लिहिलंय की मुलगा पाचवीत आहे, घरी जुना पीसी आहे, नेट अधनंमधनं जातं, आणि ओळखीतले एक इंजिनिअर म्हणाले की ब्लॉक-बिक सोडा, थेट पायथॉन (ओळी टाइप करून प्रोग्रॅम लिहायची भाषा) लावा. त्या इंजिनिअरच्या वाक्यासाठीच मी लिहायला बसलोय, पण आधी ॲपचं सांगतो. स्क्रॅच म्हणजे तयार ब्लॉक एकमेकांना जोडून प्रोग्रॅम करायचं मुलांसाठीचं सॉफ्टवेअर.

ॲपच टाका. स्क्रॅचच्या साइटवर डाउनलोडचं पान आहे, तिथं विंडोज निवडलं की मायक्रोसॉफ्ट स्टोअरचा पर्याय येतो आणि थेट डाउनलोडचा पण. थेटवाली फाइल घ्या, ती पेनड्राइव्हवर ठेवता येते आणि नेट नसलेल्या मशीनवर पण टाकता येते. पैसे नाहीत, अकाउंट लागत नाही. विंडोज १० किंवा त्याच्या पुढचं पाहिजे. बाकी इन्स्टॉल करण्यात काय अवघड नाही.

आता खेळण्याचं. मी कोल्हापूरच्या उद्यमनगरात सीएनसी लेथवर, म्हणजे प्रोग्रॅमवर चालणाऱ्या लेथ मशीनवर, जॉबवर्क करतो, वीस वर्षं झाली. जुलै २०२१ ची गोष्ट, पोरगी सहावीत, शाळा मोबाइलवर चालू. पंचगंगा चढत होती आणि घरात सकाळ-संध्याकाळ एकच चौकशी, राजाराम बंधाऱ्यावर किती फूट झालं. ३९ फुटाला इशारा पातळी, ४३ ला धोका, हे इथल्या लहान पोरालाही पाठ असतंय. माझे साडू पुण्याचे, आयटीत मोठ्या हुद्द्यावर, दोन दिवसांसाठी म्हणून आले आणि शिरोलीजवळ हायवेवर पाणी आलं तसे आमच्याकडंच अडकले. आमच्या गल्लीतलं नेट गेलं, मोबाइलला रेंज नाही. पण पीसीवर स्क्रॅच आधीच टाकून ठेवलेलं होतं, त्यामुळं पोरीनं त्यात पंचगंगाच करायला घेतली.

स्क्रॅचची स्टेज, म्हणजे चित्रं हलतात तो पडदा, मधे शून्य-शून्य, आडवी उणे २४० पासून २४० आणि उभी उणे १८० पासून १८०. म्हणजे उंची ३६०. तिनं ठरवलं तळाला शून्य फूट, वर ६० फूट, म्हणजे एका फुटाला ६. आकडा विचारायचा, त्याला ६ नं गुणायचं, त्यातनं १८० वजा, तेवढा पाण्याचा वाय, म्हणजे स्टेजवरची उभी जागा. ३९ फूट येतंय ५४ वर, ४३ येतंय ७८ वर. हे तिचं तिनं वहीवर काढलं, मी फक्त बघत होतो, आणि मला लई भारी वाटलं कारण आम्ही मशीनवर दिवसभर हेच करतो, झीरो कुठं धरायचा आणि तिथनं किती जायचं.

पाण्याला तीन कॉस्च्युम, म्हणजे चित्राची तीन रूपं, केले, निळा, पिवळा, लाल. ३९ च्या वर गेलं तर पिवळा, नाहीतर ४३ च्या वर गेलं तर लाल, नाहीतर निळा. ४५ टाकलं, पाणी पिवळंच. ५० टाकलं, पिवळंच. साडू चहा घेत बघत होते, म्हणाले, "अगं, हे लहान पोरांचं खेळणं आहे, यात वेळ नको घालवू. नेट आलं की मी तुला पायथॉन शिकवतो." चूक काय आहे ते बघितलं पण नाही. पोरीचा चेहराच उतरला, तिनं मॉनिटर बंद केला आणि उठून गेली.

मी त्यावेळी काही बोललो नाही, पाहुणे होते. रात्री तिला बसवलं. आमच्याकडं जी-कोडच्या, म्हणजे मशीनला काय करायचं ते सांगणाऱ्या प्रोग्रॅमच्या, एकेका ओळीला ब्लॉकच म्हणतात, आणि नवीन प्रोग्रॅम पहिल्यांदा चालवताना मशीन 'सिंगल ब्लॉक'वर ठेवतात, एक ओळ चालली की थांबायचं, बघायचं, मग पुढची. स्क्रॅचमधे पण कुठलाही ब्लॉक बाजूला काढून त्यावर क्लिक केलं की तेवढाच चालतो. तिला म्हटलं तसंच एकेक करून बघ. अर्ध्या तासात तिचं तिलाच सापडलं. ४५ हे ३९ पेक्षा मोठं आहेच, मग पहिल्याच अटीत पिवळं होऊन मोकळं होतंय, लालपर्यंत पोचतंयच कुठं. ४३ ची अट आधी लावली, पाणी लाल झालं. मग तिनं बरोब्बर ३९ टाकलं तर पाणी निळं, कारण स्क्रॅचमधे 'मोठं किंवा समान' असा ब्लॉकच नाही, मोठं वेगळा, समान वेगळा, दोन्ही 'किंवा'च्या ब्लॉकमधे बसवावे लागतात. तेही तिनं केलं.

आता मला सांगा, यात खेळणं काय आहे? हीच अट पायथॉनमधे उलटी लावली असती तर तिथंही पाणी पिवळंच राहिलं असतं. फरक एवढाच, तिथं पोरगं आधी स्पेस आणि कोलन चुकवून रडकुंडीला येतंय आणि अटीपर्यंत पोचतच नाही. स्क्रॅच अमेरिकेतल्या एमआयटी विद्यापीठाच्या मीडिया लॅबमधे मिचेल रेझ्निक यांच्या ग्रुपनं केलंय, २००७ ला बाहेर आलं, आणि ८ ते १६ वयासाठी म्हणून विचार करून केलंय. प्रोजेक्टची एसबी३ फाइल तर खरं म्हणजे झिप असते, कॉपी करून नावाच्या शेवटचं sb3 बदलून zip करा आणि उघडा, आत सगळे ब्लॉक मजकुरात लिहिलेले दिसतील. मशीनवर बसून ओळी लिहिणाऱ्या ऑपरेटरला कोण खेळतोय म्हणत नाही, मग पोरीला का म्हणायचं? साडूंना मी हे अजून तोंडावर बोललेलो नाही. पोरगी आता दहावीत आहे, पायथॉन पण लिहिते, ते तिचं तिनं आठवीत चालू केलं, तिला वाटलं तेव्हा.

काही गोष्टी राहिल्या. ॲप आपोआप सेव्ह करत नाही. त्याच आठवड्यात लाइट गेली आणि तिचं दुपारभराचं काम गेलं, तेव्हापासनं दर थोड्या वेळानं नवीन नावानं सेव्ह, पंचगंगा १, पंचगंगा २ असं. बोलून दाखवायचे आणि भाषांतराचे ब्लॉक ॲपमधे पण नेटशिवाय चालत नाहीत. पीसीवर विंडोज ७ असेल तर हे ॲप चालणार नाही, आणि स्क्रॅचची जुनी १.४ आवृत्ती टाकलीत तर त्यात नवीन फाइल उघडत नाही, उलटं मात्र चालतं, जुन्या फाइल नव्यात उघडतात. लिनक्सला स्क्रॅचवाल्यांचं ॲप नाही, तिथं टर्बोवार्प बघा, ते स्क्रॅचसारखंच पण दुसऱ्यांनी केलेलं ॲप आहे. आणि मुलगा नववी-दहावीत असता आणि त्यानं स्वतःहून पायथॉन मागितलं असतं तर मीच म्हटलं असतं घ्या. पण तुमचा पाचवीत आहे. त्याला ॲप टाकून द्या, आणि ते इंजिनिअर घरी आले की त्यांना आधी त्याचा प्रोजेक्ट चालवून बघायला सांगा, मग काय बोलायचं ते बोलू दे.