समुद्रतळाशी माणसाचं मन पालटून टाकणारा प्रदेश कथेत दाखवायचा आहे. तो खरा वाटेल का?

तुमचं वर्णन वाचलं. चार हजार मीटर खोलवर खाऱ्या पाण्याचं तळं. त्यावरून पाणबुडी गेली की आतल्या लोकांना मेलेली माणसं दिसतात, ते किंचाळतात, एकमेकांच्या नरडीला हात घालतात. तळं राहू द्या. किंचाळणं आधी काढा.

पाण्याखाली मन ताब्यातून जातं तेव्हा कुणी किंचाळत बसत नाही. माझं गेलं होतं, ३८ मीटरवर. आणि आमच्या घरात अकरा वर्षं ती गोष्ट "ही खाली घाबरली" अशीच सांगितली जाते.

मी आणि दादा एका उभ्या कड्याच्या कडेने उतरत होतो. साधी हवा, एकेक सिलिंडर. नायट्रोजन नार्कोसिस दोघांनाही तोंडपाठ. दाबाखाली नायट्रोजन शरीरात जास्त विरघळतो आणि भुलीच्या वायूसारखा वागायला लागतो, तीस मीटरच्या पुढे सांभाळा, वगैरे. अमेरिकन नौदलातले डॉक्टर अल्बर्ट बेहन्के यांनी १९३५ मध्येच नायट्रोजनकडे बोट दाखवलं होतं. परीक्षेत मला या धड्यात पैकीच्या पैकी होते. काही उपयोग झाला नाही.

माझ्या जॅकेटचा एक पट्टा सुटून लोंबत होता. टोकाची शिवण उसवली होती आणि दोन पांढरे धागे बाहेर आले होते. मी पट्ट्याची घडी घालून तो क्लिपमध्ये खोचायला घेतला. धागे काही आत जाईनात. सोडला, पुन्हा घडी घातली. एक धागा गेला, दुसरा राहिला. पुन्हा सोडला. मध्येच सिलिंडरमध्ये किती हवा उरली ते दाखवणारा गेज पाहिला, ७० बार. नीट वाचला. पुन्हा पट्टा. पुन्हा गेज, ६०. तोही नीट वाचला. आकडा कळत होता, पण ती हवा माझी आहे हे कळत नव्हतं. शेजाऱ्यांचं लाइट बिल चुकून आपल्याकडे यावं आणि आपण ते वाचून बाजूला ठेवावं, तसं.

मग दादा समोर आला. कुठल्या बाजूने आला ते आठवत नाही. त्याने अंगठा वर केला, म्हणजे वर चल. मी ओके केलं आणि पट्ट्याकडे वळले. पुन्हा अंगठा, पुन्हा माझं ओके. मनात एवढंच की याला एवढी कसली घाई आहे. शेवटी त्याने माझा हार्नेस धरून मला उचललं. पंचवीसच्या आसपास कुणीतरी डोक्यावरची गोधडी खसकन ओढावी तसं झालं. गेजवरचा आकडा एकदम माझा झाला, आणि तेव्हा, फक्त तेव्हा, मला भीती वाटली. तोवर कणभरही नव्हती. हे मी दादाला निदान शंभर वेळा सांगितलं असेल. तो म्हणतो, हट्टीपणा म्हण हवं तर, नाहीतर घाबरली होतीस.

म्हणून सांगते, तुमच्या पात्रांना भुतं दाखवू नका. त्यांना खात्री द्या. एकाने प्राणवायूचा घटता आकडा दर दहा मिनिटांनी सुवाच्य अक्षरात वहीत उतरवत राहावं आणि शेवटी वहीला समास नीट आखला नाही म्हणून खंत करावी. भ्यायचं ते वाचकाने. १९४७ मध्ये फ्रेंच डायव्हर जाक कूस्तोंच्या गटातले मॉरिस फार्ग खोल उतरले होते. दोरीला ठिकठिकाणी पाट्या बांधलेल्या, जिथवर पोचाल तिथल्या पाटीवर सही करायची. १२० मीटरच्या पाटीवर त्यांची सही सापडली. त्यांना वर ओढलं तेव्हा श्वासाची नळी तोंडात नव्हती. यापुढे कुठलं भूत टिकणार?

आता तुमचा मूळ प्रश्न, खरं वाटेल का. खाऱ्या पाण्याची तळी खरीच आहेत, मेक्सिकोच्या आखातात आहेत, तांबड्या समुद्रात आहेत. त्यांत प्राणवायू जवळपास नसतो, आत शिरलेले जीव मरतात. तुमची अडचण पाणबुडी आहे. तिच्या आत दाब आपल्या घरातल्यासारखाच असतो, म्हणून आतल्यांना नार्कोसिस होणारच नाही. १९६० मध्ये त्रिएस्त नावाच्या खोल पाणबुडीतून पिकार आणि वॉल्श सुमारे १०,९०० मीटरवर गेले. वाटेत एका खिडकीची बाहेरची काच तडकली, तरी खाली गेलेच. तो मात्र नायट्रोजन नव्हता, स्वभाव होता. माणसांना पाण्याच्या दाबात बाहेर काढाल तर खोलीला मर्यादा येते. १९९२ मध्ये फ्रान्समधल्या कॉमेक्स या डायव्हिंग कंपनीच्या प्रयोगात एक जण दाबकक्षात ७०१ मीटरच्या दाबापर्यंत पोचला, तेही हायड्रोजन, हेलियम आणि ऑक्सिजनचं मिश्रण घेऊन. तिथे चार हजाराचं नावच नको. हेलियमवर फार खोल गेल्यावर हात थरथरतात, चक्कर येते, डुलक्या लागतात, ते वापरता येईल. नाहीतर पाणबुडीतला कार्बन डायऑक्साइड शोषणारा भाग हळूहळू निकामी होऊ द्या आणि दोष तळ्यावर जाऊ द्या. बाकी तळ्याने नेमकं काय करायचं ते तुम्ही ठरवा, लेखक तुम्ही आहात.

हो, मी डॉक्टर नाही. सगळ्यांना सारखं होत नाही, एकाच माणसालाही रोज सारखं होत नाही. थंडी, दमणूक यांनी वाढतं. काहींना खाली खरोखरच धडकी भरते (दादा, नाचू नकोस, ती मी नव्हे). आणि कथेसाठी म्हणून अनुभव घ्यायला कुणी खोल उतरू नका.

"मला चढत नाही" म्हणणाऱ्या डायव्हरवर मात्र अजिबात विश्वास ठेवू नका. दादा तेच म्हणतो. चाळीसच्या खाली जायचं नाही असं आमचं ठरलं होतं, आणि गेलो नाही हे तो आजही शपथेवर सांगतो. त्याचा त्या दिवशीचा डाइव्ह कॉम्प्युटर संध्याकाळी धुवायला माझ्याकडे आला होता. कमाल खोली ४३.२ मीटर. मला वर न्यायला तो खालून आला होता.