मालिकेचं शीर्षकगीत करायचंय, सुरुवात कुठून?

सिंदेवाहीजवळच्या एका गावातून वडिलांचं पत्र आहे. मुलगा बारावीत, भजनी मंडळात हार्मोनियम वाजवतो. त्याला मालिकांची शीर्षकगीतं करायची आहेत. मुंबईतल्या दोन लाखांच्या कोर्ससाठी धानाचं शेत गहाण टाकावं का, असं ते विचारतात.

भाऊ, शेत गहाण टाकू नका. या कामाची पहिली परीक्षा घरीच देता येते.

शीर्षकगीत बहुधा तीस-चाळीस सेकंदांत बसवावं लागतं. मिनिटाला ९६ ठोक्यांची लय धरली, तर चार ठोक्यांचा एक बार अडीच सेकंदांचा होतो. तीस सेकंदांत नेमके १२ बार. दोन बार सुरुवातीला, आठ मुखड्याला, उरलेले दोन मालिकेचं नाव पडद्यावर येतं तिथे. नवखी मुलं आधी मोठं गाणं करतात आणि मग कापतात, म्हणून शेवट तुटका वाटतो. संगीतकार अशोक पत्कींनी ‘आभाळमाया’, ‘वादळवाट’ची शीर्षकगीतं केली, त्यांनी केलेल्या जाहिरातींच्या जिंगल्सची तर गणतीच नाही. थोडक्या सेकंदांत चाल पूर्ण करायचा सराव असा होतो.

मुलाला एखाद्या मालिकेची सुरुवात आवाज बंद करून पाहू द्या आणि तिला स्वतःचं संगीत लावू द्या. रेकॉर्डिंगचं सेटिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट ठेवा; आवाजाची पातळी उणे ६ डेसिबलच्या वर जाऊ नये, कारण ती शून्याच्या पार गेली की सूर फाटतो आणि तो नंतर नीट दुरुस्त होत नाही. टिनाच्या खोलीत आवाज घुमतो, भिंतींना गोधड्या टांगा. झालेलं काम मोबाइलच्या स्पीकरवर ऐका. डग्ग्याचा घुमारा तिथे जवळजवळ नाहीसा होतो. चाल तरीही ओळखू आली पाहिजे. गायन, ताल, वाद्यं वेगवेगळ्या फायलींत ठेवायची सवय आत्ताच लावा, कारण तीच धून पुढे प्रसंगांखाली वापरली जाते.

पदवी सोडू नका. सोबत गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या संगीताच्या परीक्षा द्याव्यात. आणि झाडीपट्टीचं, म्हणजे पूर्व विदर्भातल्या नाटकांचं केंद्र असलेलं वडसा तर तुमच्याच रेल्वेमार्गावर आहे! दिवाळीनंतर या नाटकांत ऑर्गन, ऑक्टोपॅड वाजवणारे लागतात. नट थांबला की संगीतही तिथेच थांबवायचं, हे शिकायला याहून चांगली जागा मला दिसत नाही.

पुढे काम मिळालं, तर करार वाचल्याशिवाय सही नको. २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर रॉयल्टीतला संगीतकाराचा समान वाटा करारात लिहूनही सोडून देता येत नाही. ती वसूल व्हावी म्हणून आयपीआरएस या गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचं सभासदत्व घ्यावं.

घरी केलेल्या शीर्षकगीतांचे पाच-सहा नमुने तयार झाले की मग कोर्सचा विचार करा. तेव्हाही फी भरण्याआधी, स्टुडिओ मुलाच्या हाती किती तास राहील, हे लेखी मागा.