वाचक विचारतात : जुन्या स्मार्ट टीव्हीवर नवी ॲप्स कशी आणावीत?

प्रश्न : आम्ही २०१५ च्या दिवाळीत ४० इंची स्मार्ट टीव्ही घेतला. चित्र अजूनही स्वच्छ दिसते आणि यूट्यूबही चालते. मात्र सूनबाईंनी मालिका पाहण्यासाठी झी५ आणि जिओहॉटस्टार घेण्याचा प्रयत्न केला, तेव्हा टीव्हीच्या ॲप स्टोअरमध्ये ती सापडलीच नाहीत. दुकानदाराच्या मते टीव्ही आता कालबाह्य झाला असून तो बदलणे हाच उपाय आहे. सॉफ्टवेअर अपडेट केल्यास ही ॲप्स मिळतील का? की खरोखरच टीव्ही बदलावा लागेल?
— एक वाचक, सांगली

उत्तर : टीव्ही बदलू नये, असे मी अगदी स्पष्टपणे सुचवतो. स्मार्ट टीव्ही म्हणजे एकाच चौकटीत बसवलेल्या दोन वस्तू असतात. एक म्हणजे चित्र दाखवणारा पडदा आणि दुसरी म्हणजे त्यामागचा छोटासा संगणक. पडदा नीट वापरला तर दहा-बारा वर्षे सहज टिकतो, तर आतला संगणक पाच-सहा वर्षांतच मागे पडतो. आपल्या घरी जे थकले आहे ते ही दुसरी वस्तू आहे आणि तिच्यासाठी पहिली टाकून देण्याचे काहीच कारण नाही.

ॲप्स का सापडत नाहीत, हे आधी समजून घ्यावे. आपला टीव्ही घरी आला तेव्हा भारतात नेटफ्लिक्ससुद्धा सुरू झालेले नव्हते. ते जानेवारी २०१६ मध्ये आले. झी५ फेब्रुवारी २०१८ मध्ये सुरू झाले, तर जिओहॉटस्टार हे आधीच्या दोन सेवा एकत्र होऊन फेब्रुवारी २०२५ मध्ये तयार झाले. प्रसार भारतीचे वेव्ह्ज हे ॲप तर नोव्हेंबर २०२४ मध्ये गोव्यातील इफ्फी या चित्रपट महोत्सवात सादर झाले. म्हणजे ही ॲप्स जन्माला येण्याआधीच आपला टीव्ही तयार झाला होता, आणि ती त्याच्यावर चालावीत यासाठी कोणीतरी मुद्दाम खटपट केली असेल तरच ती त्याच्या स्टोअरमध्ये दिसू शकतात.

ही खटपट बहुतेक वेळा कोणी करत नाही. मोबाइलच्या जगात अँड्रॉइड आणि आयफोन असे दोनच मोठे तट आहेत. टीव्हीच्या जगात मात्र प्रत्येक कंपनीची चूल वेगळी आहे. सॅमसंगने २०१५ पासून टायझेन ही प्रणाली आणली, एलजीने २०१४ पासून वेबओएस आणली, तर सोनीने २०१५ पासून अँड्रॉइड टीव्हीचा मार्ग धरला. त्यातही टायझेन आणि वेबओएस यांवरील बहुतांश ॲप्स ही मुळात वेबपाने असतात, आणि ती उघडणारे ब्राउझरचे इंजिन टीव्हीत ज्या वर्षी बसवले त्याच वर्षाचे राहते. उदाहरणार्थ, एलजीच्या वेबओएस ३ मालिकेत क्रोमियम या ब्राउझर-इंजिनाची ३८ वी आवृत्ती आहे, आणि ती मुळात २०१४ ची आहे. आजचे ॲप आजच्या पद्धतीने लिहिलेले असते; ते त्या इंजिनाला वाचताच येत नाही. जुन्या इंजिनासाठी ॲपची वेगळी प्रत सांभाळणे, प्रत्येक सुधारणेनंतर ती त्या टीव्हीवर तपासून पाहणे हे खर्चाचे काम असल्याने ॲपवाले एक वर्ष ठरवतात आणि त्याआधीचे संच सोडून देतात.

सॉफ्टवेअर अपडेटच्या प्रश्नाचे उत्तरही यातच आहे. सेटिंग्जमधील ‘सपोर्ट’ खाली ‘सॉफ्टवेअर अपडेट’ असते. ते एकदा अवश्य करून पाहावे, कारण त्याने काही वेळा स्टोअर पुन्हा सुरळीत चालू लागते. परंतु अशा अपडेटमुळे किरकोळ दोष दूर होतात. आतले इंजिन सहसा बदलत नाही. ‘आपले सॉफ्टवेअर अद्ययावत आहे’ असा संदेश आला आणि तरीही ॲप मिळाले नाही, तर त्या मार्गाने आणखी काही हाती लागणार नाही, असे समजावे. टीव्ही नेमका कोणत्या वर्षाचा आहे याविषयी शंका असेल तर मागचे स्टिकर पाहावे. सॅमसंगच्या मॉडेल क्रमांकात इंचांच्या आकड्यानंतर येणारे अक्षर वर्ष सांगते. एच म्हणजे २०१४, जे म्हणजे २०१५, के म्हणजे २०१६ आणि एम म्हणजे २०१७.

आज चालणारे यूट्यूबही कायमचे आहे असे मानू नये. एप्रिल २०१५ मध्ये यूट्यूबने आपली जुनी यंत्रणा बंद केली, तेव्हा २०१२ व त्याआधीच्या अनेक टीव्हींवरील यूट्यूब थांबले. नेटफ्लिक्सनेही डिसेंबर २०१९ मध्ये काही जुन्या टीव्हींवरील सेवा बंद केली. या दोन्ही वेळी पडदे धडधाकट होते.

मग उपाय कोणता? टीव्हीच्या एचडीएमआय खाचेत बसणारी स्ट्रीमिंग स्टिक किंवा छोटा बॉक्स घ्यावा. मात्र बाजारात जाण्याआधी घरातले कपाट उघडून पाहावे. अनेक घरांत ब्रॉडबँडच्या जोडणीबरोबर किंवा डिशच्या योजनेत मिळालेला स्मार्ट बॉक्स खोक्यातच पडून असतो आणि हवी ती ॲप्स त्यात आधीपासून असतात. तसा बॉक्स नसेल तर पाच हजार रुपयांच्या आसपास नामांकित कंपनीची चांगली स्टिक मिळते. आपला टीव्ही फुल एचडी असेल तर फोरकेच्या स्टिकसाठी जास्तीचे पैसे घालण्याची गरज नाही, कारण चित्र शेवटी पडद्याच्याच क्षमतेइतके दिसणार.

स्टिक लावताना दोन गोष्टींकडे लक्ष द्यावे. भिंतीवर लावलेल्या टीव्हीमागे जेमतेम बोटभर फट असते आणि त्या फटीत स्टिक सरळ शिरत नाही. ती जोर लावून दाबली तर खाचच तुटते. त्यासाठी स्टिकच्या खोक्यात वीतभरापेक्षा लहान अशी एक जोडकेबल बहुधा दिलेली असते, ती वापरावी. दुसरी गोष्ट विजेची. जवळच यूएसबीची खाच दिसते म्हणून पुष्कळ जण स्टिकला तेथूनच वीज देतात. जुन्या टीव्हीच्या यूएसबी खाचेतून साधारण अर्धा अँपिअरच प्रवाह मिळतो, तर स्टिकला त्याहून अधिक लागतो. परिणामी मालिका रंगात आलेली असताना स्टिक बंद पडून पुन्हा सुरू होते, आणि घरचे लोक इंटरनेटला दोष देत बसतात. सोबत आलेला ॲडॅप्टर भिंतीवरच्या प्लगमध्येच लावावा.

प्रश्न : आमचा अँड्रॉइड टीव्ही २०१८ चा आहे. कधी ‘जागा शिल्लक नाही’ असा संदेश येतो, तर कधी वीज जाऊन आल्यावर वायफाय असूनही एकही ॲप उघडत नाही. प्ले स्टोअरही उघडत नाही. टीव्ही दुरुस्तीला न्यावा का?
— एक वाचिका, फोंडा

उत्तर : नेण्यापूर्वी टीव्हीची तारीख पाहावी. माझ्याकडे येणाऱ्या तक्रारींपैकी ही सर्वांत सोप्या उपायाची आणि सर्वांत जास्त मनस्ताप देणारी तक्रार आहे. वीज गेल्यावर काही टीव्ही आपले घड्याळ विसरतात आणि सुरू होताना कित्येक वर्षांपूर्वीची तारीख धरतात. इंटरनेटवरील प्रत्येक सुरक्षित सेवा आपली ओळख पटवण्यासाठी एक डिजिटल प्रमाणपत्र दाखवते आणि त्यावर ‘या दिवसापासून या दिवसापर्यंत वैध’ असे नोंदलेले असते. टीव्हीच्या दृष्टीने अजून २०१५ सालच चालू असेल, तर आजच्या प्रमाणपत्राचा काळ त्याच्या लेखी सुरूच झालेला नसतो आणि तो जोडणी नाकारतो. सेटिंग्जमध्ये ‘डेट अँड टाइम’ उघडून वेळ ‘नेटवर्कवरून आपोआप’ घेण्याची सोय सुरू करावी. ती आधीच सुरू असेल तर एकदा बंद करून तारीख हाताने भरावी, टीव्ही पूर्ण बंद करून पुन्हा लावावा आणि मग ती सोय परत सुरू करावी.

अशा प्रमाणपत्रांची मुदत उपकरणाच्या आतही संपू शकते. मार्च २०२५ मध्ये जगभरातील दुसऱ्या पिढीची क्रोमकास्ट ही टीव्हीला जोडायची गूगलची उपकरणे एकाएकी चालेनाशी झाली, त्यामागे त्यांच्यातील दहा वर्षे मुदतीचे प्रमाणपत्र संपणे हेच कारण होते. गूगलने सुधारित सॉफ्टवेअर पाठवल्यावर ती पुन्हा चालू लागली. ज्या जुन्या टीव्हीला आता सुधारणा येतच नाहीत, त्याच्या बाबतीत ही सोय उरत नाही.

आता जागेविषयी. या काळातील बहुतेक टीव्हींत एकूण साठवण ८ जीबी असते आणि त्यातील बराच भाग प्रणालीच व्यापते. वापरात नसलेले ॲप काढून टाकावे, जे काढता येत नाही ते ‘डिसेबल’ करावे आणि त्याची आलेली अपडेट्स काढावीत. नेहमीच्या ॲप्सचे ‘कॅशे’ म्हणजे साठलेल्या तात्पुरत्या फाइल्स महिन्यातून एकदा पुसाव्यात. ‘क्लिअर कॅशे’ आणि ‘क्लिअर डेटा’ यांत मात्र गल्लत करू नये, कारण दुसरे दाबले की लॉगिन पुन्हा करावे लागते आणि पासवर्डची शोधाशोध सुरू होते. एवढे करूनही ‘हे ॲप आपल्या उपकरणासाठी नाही’ असाच संदेश येत असेल, तर वर सांगलीच्या वाचकांना सुचवलेला मार्ग आपल्यालाही लागू आहे.

प्रश्न : आमच्या गल्लीतील एक मुलगा पेनड्राइव्हवरून टीव्हीत ‘एपीके’ टाकून देतो. त्याच्याकडे दोन हजारांचा एक बॉक्सही आहे, ज्यात सर्व चित्रपट आणि क्रिकेट फुकट दिसते. हे घेण्यास हरकत आहे का?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : बॉक्सला माझी ठाम हरकत आहे, एपीकेविषयी थोडे सविस्तर सांगावे लागेल. एपीके ही अँड्रॉइड ॲपची फाइल असते, त्यामुळे टायझेन किंवा वेबओएस असलेल्या टीव्हीवर ती कोणत्याही युक्तीने बसत नाही. तसे आश्वासन कोणी देत असेल तर पैसे देऊ नयेत. अँड्रॉइड टीव्हीवर ती बसते, आणि व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरसारख्या ॲपचे निर्माते आपल्या संकेतस्थळावरून स्वतःच ती देतात. तशी फाइल घेण्यात गैर काही नाही. काम झाल्यावर ‘अननोन सोर्सेस’ची, म्हणजे स्टोअरबाहेरील ॲप बसवू देण्याची, परवानगी मात्र लगेच काढून टाकावी. अडचण येते ती कोणाच्या तरी पेनड्राइव्हवरील फाइलबाबत. ती कोठून आली आणि वाटेत तिच्यात काय मिसळले हे ना त्या मुलाला ठाऊक असते, ना आपल्याला. शिवाय संरक्षित चित्रपटांसाठी वाइडवाइन नावाची यंत्रणा असते आणि तिची एल१ ही सर्वोच्च पातळी नसलेल्या उपकरणावर अधिकृत सेवा बहुधा धूसर चित्रच देतात. पैसे भरूनही चित्र चांगले मिळत नाही.

त्या बॉक्सचा धोका याहून मोठा आहे. सप्टेंबर २०२४ मध्ये डॉक्टर वेब या सुरक्षा कंपनीने व्होइड नावाच्या घातक सॉफ्टवेअरची माहिती प्रसिद्ध केली. १९७ देशांतील सुमारे १३ लाख अँड्रॉइड बॉक्समध्ये ते शिरलेले आढळले होते. जून २०२५ मध्ये अमेरिकेच्या एफबीआयने बॅडबॉक्स २.० या अशाच घातक सॉफ्टवेअरच्या जाळ्याविषयी जाहीर इशारा दिला. त्यात काही स्वस्त बॉक्स विकले जाण्यापूर्वीच बाधित असतात, असे म्हटले आहे. असा बॉक्स घरच्या वायफायला जोडला की बाहेरचे लोक आपले इंटरनेट आपल्या नकळत स्वतःच्या उद्योगांसाठी वापरू शकतात, आणि नोंद मात्र आपल्या जोडणीची होते. ज्या वायफायवरून आपण बँकेचे व्यवहार करतो, त्याच वायफायवर अशी वस्तू बसवणे मला अजिबात मान्य नाही. कोणताही अँड्रॉइड बॉक्स घेताना प्ले स्टोअरच्या सेटिंग्जमध्ये ‘अबाउट’ खाली उपकरण ‘सर्टिफाइड’ असल्याची नोंद दिसते का, हे दुकानातच पाहावे.

प्रश्न : माझे आईवडील रत्नागिरीला असतात. त्यांच्या जुन्या टीव्हीसाठी मी न्यू जर्सीहून स्टिक घेऊन जावी का? त्यांना दोन-तीन रिमोट हाताळणे जमत नाही, ही माझी खरी चिंता आहे.
— एक वाचक, न्यू जर्सी

उत्तर : स्टिक भारतातच घ्यावी. कोणती ॲप्स मिळतील हे पुष्कळदा खात्याच्या देशावर ठरते. स्टिक आपल्या अमेरिकेतील खात्यावर नोंदली गेली, तर आईवडिलांना हवी असलेली मराठी मालिकांची सेवा शोधूनही सापडणार नाही. तेथून आणलेली स्टिक आधीच घरी असेल तर ती भारतीय खात्यावर नव्याने नोंदवावी. चपट्या पिनांचा ॲडॅप्टर बाजूला ठेवून तेवढ्याच क्षमतेचा पाच व्होल्टचा भारतीय चार्जर वापरला तरी चालतो.

फोनचा पडदा टीव्हीवर ‘मिरर’ करण्याच्या भानगडीत त्यांना पाडू नये. त्यात फोन अडकून पडतो आणि अनेक सशुल्क ॲप्स संरक्षणामुळे टीव्हीवर केवळ काळा पडदा दाखवतात.

रिमोटची आपली चिंता रास्त आहे आणि तिच्यावर उपाय आहे. २०१० नंतरच्या बहुतेक टीव्हींत एचडीएमआय-सीईसी नावाची सोय असते. फक्त प्रत्येक कंपनीने तिला वेगळे नाव दिले आहे. सॅमसंगमध्ये ती ॲनीनेट प्लस, एलजीमध्ये सिंपलिंक आणि सोनीमध्ये ब्राव्हिया सिंक या नावाने सापडेल. ती सुरू केली की स्टिकच्या रिमोटवरील ‘होम’ दाबताच टीव्ही आपोआप सुरू होऊन योग्य एचडीएमआयवर जातो, आणि टीव्हीच्या रिमोटचे बाणही स्टिकला चालतात. रत्नागिरीला असताना आपण स्वतः दोन दिवस हे सर्व वापरून पाहावे, त्यांची नेहमीची दोन ॲप्स पहिल्या ओळीत आणून ठेवावीत आणि ‘होम’च्या बटणावर लाल नेलपॉलिशचा ठिपका द्यावा. माझ्या परिचयातील ऐंशीच्या घरातल्या एक आजी त्या ठिपक्याच्या आधाराने रोज संध्याकाळी आपली मालिका कोणाच्याही मदतीशिवाय लावतात.