आंतरराष्ट्रीय संबंधांचा इतिहास वाचायचा आहे, सुरुवात कोणत्या पुस्तकाने करू?

सिद्धान्ताच्या जाड ग्रंथाने नको. हॅरॉल्ड निकल्सन यांचं ‘पीसमेकिंग १९१९’ आधी घ्या. पहिल्या महायुद्धानंतरच्या पॅरिस परिषदेत ते ब्रिटिश शिष्टमंडळात तरुण अधिकारी होते. पुस्तक आलं १९३३ मध्ये. पूर्वार्धात मागे वळून केलेलं विवेचन आहे आणि उत्तरार्धात तेव्हाची रोजनिशी जशीच्या तशी. मला हा उत्तरार्ध फार मोलाचा वाटतो: थकलेली, घाईत असलेली माणसं नकाशावर सीमा कशा आखतात, ते त्यात दिसतं. तहाच्या कलमांतून ते कधीच कळत नाही.

मग ई. एच. कार यांचं ‘द ट्वेंटी इयर्स क्रायसिस’ (१९३९) वाचा. तेही परराष्ट्र खात्यात वीस वर्षं होते. सदिच्छा आणि सत्ता यांच्यातली ओढाताण त्यांनी नेमकी मांडली आहे.

इटालियन राजकीय विचारवंत मॅकियाव्हेली वाचताना एवढं ध्यानात ठेवा, की १५१२ पर्यंत तो फ्लॉरेन्सचा सचिव होता, अनेक दरबारांत राजदूत म्हणून गेला होता. त्याच्या ‘द प्रिन्स’मध्ये तो अनुभव बोलतो.

प्राचीन ग्रीक इतिहासकार थ्युसिडिडीस याचा अथेन्स-स्पार्टा युद्धाचा इतिहास सावकाश वाचा. निदान त्यातला, बलाढ्य अथेन्स आणि चिमुकलं मेलोस बेट यांच्यातला मेलोसचा संवाद तरी चुकवू नका.