माहितीपटाचा निर्माता नेमके काय करतो?

प्रश्न : मी प्राणिशास्त्रात बी.एस्सी. केले असून हतनूर धरणावर हिवाळ्यात येणाऱ्या पक्ष्यांचे मोबाइलवर चित्रीकरण करतो. ‘प्लॅनेट अर्थ’ या बीबीसीच्या निसर्गमालिकेचे निर्माते अ‍ॅलिस्टर फॉदरगिल हेही प्राणिशास्त्राचेच विद्यार्थी होते, असे वाचनात आले. तसे काम करायचे असेल, तर आधी चांगला कॅमेरा घ्यावा की प्रशिक्षण? यंदा केळीला भाव बरा मिळाल्याने वडील पैसे द्यायला तयार आहेत.
– एक वाचक, भुसावळ

उत्तर : तूर्त दोन्हीही नको, असे आमचे स्पष्ट मत आहे. फॉदरगिल यांनी विद्यार्थिदशेतच आफ्रिकेतील ओकावँगो या पाणथळ प्रदेशावर पहिला लघुपट केला आणि १९८३ मध्ये ते बीबीसीच्या ब्रिस्टल येथील निसर्गपट विभागात रुजू झाले. या क्षेत्रात माणूस सहसा संशोधक म्हणून सुरुवात करतो. पुढे साहाय्यक निर्माता, निर्माता आणि मग मालिकेचा प्रमुख निर्माता होतो. कोणता प्राणी कुठे, कोणत्या दिवसांत, काय करतो हे शास्त्रज्ञांना विचारून, वाचून संशोधकाने पक्के करायचे आणि त्याच्या भरवशावर पथक निघायचे, अशी ही रीत आहे. निर्माता-दिग्दर्शक बहुधा स्वतः कॅमेरा चालवत नाही.

‘प्लॅनेट अर्थ’ (२००६) मालिकेच्या पहिल्या भागात आफ्रिकेतील रानकुत्री इम्पाला जातीच्या हरणांची शिकार करतात, ते दृश्य हेलिकॉप्टरवर बसवलेल्या, हादरे न जाणवणाऱ्या कॅमेऱ्याने उंचावरून टिपले आहे. जमिनीवरून झाडीत एखादेच कुत्रे दिसले असते. वरून मात्र टोळी कशी पांगते आणि हरणाची वाट कशी अडवते, हे एका नजरेत येते. यंत्र नवे होते खरे, परंतु ते कुठे आणि कशासाठी वापरायचे, हे त्या प्राण्याची सवय ठाऊक असल्यामुळेच ठरवता आले.

फॉदरगिल यांच्या कारकिर्दीत आम्हांला सर्वांत मोलाचा वाटतो तो १९९८ चा निर्णय. १९९२ पासून सांभाळलेले विभागप्रमुखपद सोडून ते ‘द ब्लू प्लॅनेट’ (२००१) या समुद्रावरील मालिकेच्या निर्मितीत उतरले. मोठी खुर्ची सोडून पुन्हा प्रत्यक्ष कामाकडे वळणारी माणसे कोणत्याही क्षेत्रात थोडीच असतात. २०१२ मध्ये त्यांनी कीथ स्कोली यांच्यासह सिल्व्हरबॅक फिल्म्स ही स्वतःची संस्था काढली.

आपल्यापुरते सांगायचे, तर हतनूरवर चक्रवाक कधी उतरतात, कोणत्या काठावर चरतात, पाणी ओसरल्यावर कुठे सरकतात, मासेमारीच्या होड्या आल्या की किती अंतरावरून उडतात, याच्या तारीखवार नोंदी पूर्ण हंगामभर ठेवाव्यात. त्यांतून दहा मिनिटांच्या लघुपटाचा एकपानी आराखडा तयार करून तो पक्षी-अभ्यासकांना दाखवावा. चित्रीकरणासाठी हातातला मोबाइल आणि भाड्याचा तिपाई स्टँड सध्या पुरेसा आहे. पुढे यावल अभयारण्यात चित्रीकरण करावयाचे झाल्यास वन विभागाची लेखी परवानगी आधी घ्यावी लागते. तो अर्ज हंगामाच्या बराच आधी करावा.